भाजलेल्या अननसावर दोन चमचे

अननसाची चकती तापलेल्या बिडाच्या तव्यावर टाकली की पहिली दोन मिनिटे फारसे काही घडत नाही. चर्र असा आवाज होतो, थोडी वाफ वर येते, बस्स. चकतीशी लुडबुड न करता थांबण्याची तयारी असेल तर तिसऱ्या-चौथ्या मिनिटाला तिच्या कडा तांबूस होऊ लागतात आणि स्वयंपाकघरात चक्क गुऱ्हाळाचा वास पसरतो. मग फळ उलटायचे, दुसरी बाजूही तशीच होऊ द्यायची, गॅस बंद करायचा आणि वरून संत्र्याच्या लिक्युअरचे दोन चमचे सोडायचे. पुन्हा वाफेचा लोट उठतो. या खेपेला त्यात संत्र्याची साल, किंचित जळलेली साखर आणि मद्याचा झोंबरा वास असा तिन्हींचा मेळ असतो. पदार्थ म्हणाल तर एवढाच. वरण-भात-भाजी उरकल्यावर, पाहुणे अजून पानावर बसलेले असताना दहा मिनिटांत होणारा.

पण बशा भरायला घेतल्या की कुणीतरी विचारतेच, ‘यातली दारू उडून गेली ना आता? मुलांना चालेल ना?’ या प्रश्नाला आपल्याकडे एक ठरलेले उत्तर आहे. ‘हो हो, उडून जाते ती!’ हे उत्तर चुकीचे आहे. ते कसे, याकडे येऊच. त्याआधी हा पदार्थ आणि ती बाटली पिंपरी-चिंचवडच्या मध्यमवर्गीय घरात शिरली कशी, ते पाहू.

निगडीचे प्राधिकरण घ्या, यमुनानगर घ्या, नाहीतर चिंचवडमधली एखादी जुनी सोसायटी. दिवाणखान्यातल्या काचेच्या शोकेसमध्ये काय काय मांडलेले असते? कंपनीने पंचवीस वर्षांच्या नोकरीबद्दल दिलेले घड्याळ, शिंपल्यांचा गणपती, मुलाने वक्तृत्व स्पर्धेत मिळवलेली ढाल, संगमरवरी ताजमहाल. आणि मागच्या रांगेत, अर्धवट लपलेली, एक चौकोनी किंवा गोलमटोल परदेशी बाटली. पुष्कळदा सीलबंद.

ही बाटली त्या शहराच्या इतिहासातूनच आलेली आहे. पिंपरीत १९५४ साली हिंदुस्थान अँटिबायोटिक्सचा कारखाना उभा राहिला. पेनिसिलीन तयार होते तेही बुरशी मोठमोठ्या टाक्यांत वाढवून, म्हणजे एका अर्थी आंबवण्याच्याच विद्येने. १९६२ साली महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळ स्थापन झाले आणि मुंबई-पुणे रस्त्याच्या दोन्ही अंगांना कारखाने दाटू लागले. दापोडीला सँडविक आणि अॅटलास कॉप्को, चिंचवडला एस.के.एफ. या मुळातल्या स्वीडिश कंपन्या. टेल्कोच्या पिंपरीतल्या आवारात १९९५ साली मर्सिडीज गाड्यांची जुळणी सुरू झाली. २००९ साली मर्सिडीजचा कारखाना चाकणला गेला आणि त्याच वर्षी फोक्सवॅगनही चाकणला आली. एरवी कांद्या-बटाट्याच्या बाजारासाठी प्रसिद्ध असलेल्या चाकणात जर्मन, कोरियन, जपानी माणसे दिसू लागली. आणि इथला सुपरवायझर किंवा इंजिनिअर ट्रेनिंगसाठी तिकडे जाऊन परत येऊ लागला. येताना विमानतळावर चॉकलेट घ्यायचे आणि एक बाटली घ्यायची, हा रिवाजच पडला. विमानतळावरून प्रौढ प्रवाशाला दोन लिटरपर्यंत मद्य आणता येते. साहेबांसाठी व्हिस्की, आणि ‘घरच्यांनाही चालेल’ म्हणून काहीतरी गोडसे.

हे गोडसे म्हणजे लिक्युअर. आपल्याकडे लिकर आणि लिक्युअर या दोन शब्दांची कायम गल्लत होते. लिकर म्हणजे कोणतेही मद्य. लिक्युअर म्हणजे मद्यार्कात फळांच्या साली, बिया, मुळे, कॉफी, मसाले मुरवून वर भरपूर साखर घातलेले मद्य. लोणच्याला जसे तेल-मीठ, तसे याला मद्यार्क-साखर. मुरवण्याचे तत्त्व दोन्हीकडे सारखेच. युरोपातल्या नियमानुसार लिक्युअरमध्ये साधारणपणे लिटरमागे किमान शंभर ग्रॅम साखर आणि किमान पंधरा टक्के मद्यार्क असावा लागतो. फ्रान्समधल्या आंजे गावच्या कॉइंत्रो घराण्याची १८४९ पासूनची भट्टी आज संत्र्याच्या सालींच्या लिक्युअरसाठी ओळखली जाते. त्यात मद्यार्क आहे चाळीस टक्के, म्हणजे ‘गोडसे’ असले तरी जोर व्हिस्कीएवढाच. ग्रां मार्निए १८८० चे. त्यात कोन्याक ब्रँडी आणि कडू संत्र्याची साल.

आता गंमत अशी, की ही बाटली आपल्याकडे कुणालाच कामाची नसते. पिणाऱ्या मंडळींना ती खोकल्याच्या औषधासारखी गोड लागते, न पिणाऱ्यांना ती दारूच असते. म्हणून ती शोकेसमध्ये ताजमहालाशेजारी वर्षानुवर्षे उभी. लिक्युअर मुळात चवीला लावायची वस्तू आहे, पेला भरून प्यायची नव्हे, हे तिकडच्या स्वयंपाकघरात माहीत असते. जर्मनीत नाताळच्या दिवसांत सफरचंदाचा गाभा काढून त्यात बेदाणे, बदाम आणि कधी थोडी रम भरून ते भट्टीत भाजतात. ‘रुमटोप्फ’ नावाचा त्यांचा आणखी एक प्रकार आहे. उन्हाळाभर जे फळ हाती येईल ते साखर आणि रम घालून मातीच्या बरणीत थरावर थर मुरवायचे आणि थंडीत उघडायचे. आपल्या आजीची लोणच्याची बरणी आठवावी अशीच सगळी काळजी. दादरा बांधणे, कोरडा चमचा, फळ रसात बुडालेले आहे ना ते पाहणे. अमेरिकेतल्या न्यू ऑर्लिन्स बंदरात केळ्यांच्या जहाजांची मोठी ये-जा होती. तिथल्या ब्रेननच्या उपाहारगृहात १९५१ साली लोणी, साखर, केळ्याचे लिक्युअर आणि रम यांत केळी परतून ती पेटवून वाढायला सुरुवात झाली. तो पदार्थ ‘बनानाज फॉस्टर’ या नावाने जगभर गेला. मोठ्या हॉटेलांत पाहुण्यांसमोर ज्वाला उठवून जी फळे वाढतात त्यांची एक आजी ती.

फळ भाजणे आपल्याला नवे आहे का? नाही. कैरी निखाऱ्यात भाजून पन्हे आपण कधीपासून करतो. फणसाच्या आठळ्या भाजतो, वांगे भाजतो (आणि वनस्पतिशास्त्राने वांगेही फळच). पण पिकलेले गोड फळ आचेवर ठेवायचे म्हणजे जुन्या माणसांना जिवावर येते. पिकल्यावर झाडाने जे काम केले त्यात चुलीने नाक का खुपसावे, असा त्यांचा रास्त सवाल. त्यांचे म्हणणे हापूसच्या बाबतीत मला शंभर टक्के पटते. हापूस तव्यावर ठेवणाऱ्याला माझ्या स्वयंपाकघरात प्रवेश नाही. बाजारातून आणलेले, निम्मे आंबट निघालेले अननस मात्र भाजल्याने खरोखर सुधारते. केळी, अंजिरे, पेरू, सफरचंद यांचेही तेच.

आधी फळांविषयी, कारण खरी निवड तिथेच आहे. पुण्याच्या परिसरात राहणाऱ्याने पहिले नाव घ्यावे ते पुरंदरच्या अंजिराचे. सासवड-दिवे भागातल्या या अंजिराला २०१६ साली भौगोलिक मानांकन मिळाले. उन्हाळ्यात येणारी, मीठा बहराची अंजिरे घ्यावीत. पिकलेली पण हाताला घट्ट लागणारी. उभी चिरून दोन भाग करायचे, कापलेली बाजू खाली ठेवून फक्त दोन मिनिटे. अंजिराला तेवढे पुरते. वर मधाची धार आणि लिक्युअरचा एकच चमचा. खरे सांगायचे तर अंजिराइतके चांगले या प्रकारात दुसरे काही होत नाही. पण त्याचा हंगाम छोटा आणि ते नाजूक. दुपारी आणलेले दुसऱ्या दिवशी टिकेल याची खात्री नाही.

अननस मात्र जवळजवळ वर्षभर मिळते आणि कुठल्याही मंडईत मिळते. हातात जड लागणारे, बुडाशी गोड वास येणारे घ्यावे. केळी घेतली तर साध्या बाजारी केळ्यांत किंचित हिरवट देठाची. पूर्ण पिकलेले केळे तव्यावर लगदा होते. वसईकडची राजेळी मिळाली तर सोन्याहून पिवळे. ती सुकवून वसईत सुकेळी करतात, तेव्हा आच सोसण्याची तिची ताकद सिद्धच आहे. चिकू अर्धा चिरून एकच मिनिट ठेवला तर काकवीसारखा लागतो, पण सालीसकट ठेवावा, नाहीतर तव्यालाच चिकटून बसतो. सफरचंदाला झाकण ठेवून वाफ द्यावी लागते. स्ट्रॉबेरी आणि कलिंगड यांच्या वाटेला जाऊ नये, नुसते पाणी सुटते.

हे पाणीच या पदार्थाचा मुख्य शत्रू आहे. फळात ऐंशी-पंच्याऐंशी टक्के पाणी. ते पृष्ठभागावर आहे तोवर तिथले तापमान शंभर अंशांच्या वर जात नाही, आणि साखरेचे खमंग रूप तर त्याच्या पुढेच सुरू होते. फळातली फ्रुक्टोज साखर एकशेदहा अंशांच्या सुमारास रंग पकडू लागते, आपली नेहमीची साखर एकशेसाठच्या पुढे. म्हणून चकत्या स्वच्छ फडक्याने टिपून कोरड्या कराव्यात, तवा आधी चांगला तापवावा आणि एका वेळी तीन-चारच चकत्या ठेवाव्यात. तवाभर गर्दी केली की फळ भाजत नाही, शिजते. घाईने केलेल्या भाजलेल्या फळांची चव उकडलेल्या रताळ्यासारखी का लागते, त्याचे कारण हे.

आता भांडे. बिडाचा तवा उत्तम. त्यावर आंबट फळ फार वेळ ठेवू नये आणि काम झाले की लगेच धुवून तेलाचा हात फिरवावा. नॉन-स्टिक चालेल, पण तो रिकामा धगधगीत तापवू नये. सुमारे २६० अंशांच्या पुढे त्याचा थर खराब होऊ लागतो आणि त्यातून निघणारा धूर छातीला चांगला नाही. आणि जाळी हवी असेल तर आपल्या पट्ट्याची चंगळच आहे. भोसरीच्या एमआयडीसीत जो कारागीर मोटारींचे सुटे भाग वेल्डिंग करतो, त्याच्याकडून स्टेनलेस स्टीलच्या सळ्यांची हवी तशी जाळी करून मिळते. त्याला ‘फूड ग्रेड, ३०४’ असे सांगावे, म्हणजे तो समजतो. मात्र कुंपणाची किंवा खिडकीची जस्ताचा मुलामा दिलेली जाळी पडली आहे म्हणून ती आचेवर ठेवू नये. आंबट रसात जस्त उतरते आणि फार तापले तर त्याचा धूर बाधतो. कोळशाची सिगडी पेटवायची हौस असेल तर गच्चीवर किंवा मोकळ्या अंगणात. बंद बाल्कनीत, खिडक्या लावून कोळसा पेटवणे जिवावर बेतू शकते. कार्बन मोनॉक्साइडला ना रंग ना वास.

चार जणांसाठी प्रमाण असे. एका मध्यम अननसाच्या सेंटीमीटरभर जाडीच्या आठ चकत्या, मधला दांडा काढून. दोन मोठे चमचे किसलेला गूळ, एका संत्र्याचा रस, तुपाचा एक छोटा चमचा, चिमूटभर मीठ, थोडी ताजी कुटलेली मिरी. मीठ-मिरी वाचून नाक मुरडू नये, पेरूला आपण तिखट-मीठ लावतोच. तव्यावर तुपाचा नुसता हात फिरवून चकत्या दोन्ही बाजूंनी तीन-चार मिनिटे भाजाव्यात आणि काढून ठेवाव्यात. स्टीलच्या लहान पातेल्यात गूळ आणि संत्र्याचा रस उकळून मधाइतका दाट करावा. गॅस बंद करून त्यात ३० मिलिलिटर, म्हणजे दोन मोठे चमचे लिक्युअर घालावे, हलवावे आणि चकत्यांवर ओतावे. सोबत घट्ट दही, चक्का, साय किंवा आइसक्रीम.

दह्या-चक्क्याचा विषय निघाला म्हणून एक उपयोगाची गोष्ट. कच्चे अननस श्रीखंडात घातले की थोड्या वेळाने ते कडू लागते, हा अनुभव पुष्कळ गृहिणींना असेल. दोष दह्याचा नसतो. अननसात ब्रोमेलेन नावाचे पाचक द्रव्य असते, ते दुधातल्या प्रथिनांचे तुकडे करते आणि ते तुकडे कडू असतात. कच्चे अननस जास्त खाल्ल्यावर जीभ सोलवटल्यासारखी होते त्यातही याचाच हात. सत्तर-ऐंशी अंशांच्या पुढे तापले की हे द्रव्य निकामी होते. म्हणजे आतपर्यंत नीट भाजलेल्या, गार केलेल्या चकतीचे तुकडे घातलेले श्रीखंड दुसऱ्या दिवशीही गोडच राहते. लिक्युअर राहू द्या, एवढ्या एका कारणासाठीही अननस भाजावे.

लिक्युअर नसेल आणि आणायचेही नसेल तर साधी गडद रम चालते. लिक्युअर महाग आणि दोन चमच्यांसाठी अख्खी बाटली घेणे परवडत नाही. रम उसाच्या मळीपासून होते, त्यामुळे गूळ आणि भाजके अननस यांच्याशी तिचे नाते सख्ख्या चुलत बहिणीचे. संत्र्याची साल बारीक किसून रसातच उकळली की लिक्युअरची उणीव बरीचशी भरून निघते. पांढरा, कडू भाग किसणीत येऊ देऊ नये. गोव्याची काजूफेणी हा आणखी एक पर्याय. काजूच्या बोंडांचा रस आंबवून पहिल्या ऊर्ध्वपातनात सौम्य उर्राक मिळते आणि पुढे फेणी. २००९ साली तिला भौगोलिक मानांकन मिळाले. फेणीत साखर नसते म्हणून गूळ थोडा जास्त घ्यावा, आणि तिचा वास ज्यांना आवडत नाही त्यांना तो मुळीच आवडत नाही, हे आधीच विचारून घ्यावे. मात्र गोव्याहून परतताना गाडीत बाटल्या घालून आणणे कायद्यात बसत नाही, त्यासाठी परवाना लागतो. महाराष्ट्रात १९४९ चा दारूबंदी कायदा अजून लागू आहे. असे मद्य विकत घ्यायला आणि जवळ बाळगायलाही परवाना लागतो आणि पंचवीस वर्षांखालच्या माणसाला ते विकता येत नाही. शोकेसमधल्या बाटलीकडे बघताना हे फारसे कुणी लक्षात घेत नाही.

आणखी एक विसंगती. ‘आमच्या घरात थेंब नाही’ असे अभिमानाने सांगणाऱ्या घरातच औषधांच्या कपाटात द्राक्षासवाची बाटली असते. आसव-अरिष्टे आंबवूनच तयार होतात, त्यांत साधारण पाच ते दहा टक्के मद्यार्क आपोआप निर्माण होतो आणि लेबलावर तसे छापलेलेही असते. चाकणच्या पुढे तास-दीड तासावर असलेल्या नारायणगावला १९८०च्या दशकात शॅम्पेनच्या पद्धतीची फसफसती वाईन तयार होऊ लागली. ‘ओमर खय्याम’ या नावाने ती परदेशात विकली जाई. ती कंपनी आता राहिलेली नाही, पण २००१ साली राज्याने द्राक्षप्रक्रिया उद्योगाचे धोरण आणले आणि नाशिककडे वायनरीज वाढल्या. तेव्हा मद्य हा पदार्थ या मातीला परका आहे, असे म्हणण्यात अर्थ नाही. पण म्हणून त्याचे सगळे बिनधास्त पानात वाढावे, असेही नाही. इथे आपण त्या मघाच्या प्रश्नाकडे येतो.

उडून जाते का? मद्यार्क सुमारे ७८ अंशांना उकळतो आणि पाणी शंभरला. तेव्हा पदार्थ उकळला की मद्यार्क आधी निघून जाणार, असे शाळेतले विज्ञान सांगते. प्रत्यक्षात दोघे एकदा मिसळले की असे शहाण्यासारखे वेगळे होत नाहीत. बरोबरच निघतात आणि बरोबरच मागे राहतात. अमेरिकेत १९९२ साली याची पद्धतशीर मोजणी झाली. उकळत्या पदार्थात मद्य घालून लगेच आचेवरून उतरवले तर ८५ टक्के मद्यार्क शिल्लक राहतो. पेटवून ज्वाला उठवल्या तरी ७५ टक्के. पंधरा मिनिटे ढवळत उकळले तर ४०, अर्ध्या तासाने ३५, तासाने २५, आणि अडीच तास शिजवल्यावरही पाच टक्के. हॉटेलातल्या त्या निळ्या ज्वाळा पाहून ‘सगळी जळून गेली’ असे ज्यांना वाटते, त्यांच्यासाठी हा आकडा पुरेसा बोलका आहे.

आता आपल्या पातेल्याचा हिशेब करू. चाळीस टक्क्यांच्या ३० मिलिलिटर लिक्युअरमध्ये बारा मिलिलिटर, म्हणजे साडेनऊ ग्रॅमच्या आसपास शुद्ध मद्यार्क. गॅस बंद करून घातल्यावर त्यातला आठ ग्रॅम उरला. चार बशांत वाटला तर प्रत्येकी दोन ग्रॅम. ३० मिलिलिटरचा छोटा पेग म्हणजे साडेनऊ ग्रॅम, तेव्हा एका बशीत त्याचा पाचवा हिस्सा. निरोगी, प्रौढ, मद्याचे वावडे नसलेल्या माणसाला याने काही होत नाही. झिंग तर नाहीच. पण ‘काहीच नाही’ आणि ‘थोडे आहे’ यांत फरक आहे आणि काही माणसांसाठी तो फरक फार मोठा असतो.

मुले आणि गरोदर बायका यांना वाढू नये, हे सांगायला नको. धर्माने किंवा व्रताने मद्य वर्ज्य मानणाऱ्यांना न सांगता वाढणे ही फसवणूक झाली. सर्वांत जपावे लागते ते मद्य सोडलेल्या माणसाला. कारखान्यांच्या या पट्ट्यात पाळ्या, ओव्हरटाइम, हातात खेळणारा पैसा आणि गेटबाहेरच्या दुकानांच्या रांगा यांनी किती संसार पोखरले, हे इथल्या बायकांना विचारावे. गावोगावी बायकांनी मतदान करून दुकानांची बाटली आडवी केली ती काही हौसेने नव्हे. पुण्यात १९८६ साली डॉ. अनिता आणि अनिल अवचट यांनी मुक्तांगण सुरू केले. तिथून किंवा अन्य ठिकाणाहून बरा होऊन आलेला माणूस आज कुणाच्या ना कुणाच्या नात्यात असतोच. त्याला त्या वासाची, त्या चवीची आठवण करून देणे हाच धोका. शिवाय अशा काही रुग्णांना डॉक्टर डायसल्फिराम नावाची गोळी देतात. ती चालू असताना पोटात थोडासा मद्यार्क गेला, मग तो चटणीतून असो की गोडातून, तरी चेहरा लाल होणे, छातीत धडधड, उलट्या, रक्तदाब घसरणे असे सगळे सुरू होऊ शकते. गोळी चालू आहे हे तो माणूस चारचौघांत सांगेलच असे नाही. बहुधा सांगणार नाहीच. पोट बिघडल्यावर देतात त्या मेट्रोनिडॅझोलच्या गोळ्यांबरोबरही मद्य टाळायला डॉक्टर सांगतात.

म्हणून विचारण्याचा भार पाहुण्यावर टाकू नये. ‘कोण पितं, कोण नाही’ अशी हजेरी घेणे तर त्याहून वाईट. सोपी रीत अशी, की पाक दोन पातेल्यांत करायचा. एकात लिक्युअर, दुसऱ्यात त्याऐवजी संत्र्याची किसलेली साल, आल्याच्या रसाचे चार थेंब आणि लिंबू. दोन्ही टेबलावर वेगवेगळ्या रंगाच्या वाट्यांत ठेवायचे आणि वाढण्याआधी मोठ्याने, सहज सांगायचे : ‘निळ्या वाटीत लिक्युअर आहे, पांढरीत नाही.’ ज्याला जे हवे ते तो आपल्या हाताने घेईल आणि कारण कुणालाच द्यावे लागणार नाही. दोन्ही वाट्यांचे चमचे मात्र वेगळे ठेवा. मुलांनाही आपली वाटी कोणती ते कळते आणि तीच आधी संपते, कारण खरे सांगायचे तर आल्याचा पाक चवीला तसूभरही कमी नाही. रात्रपाळीला निघालेल्या माणसालाही पांढरीच वाटी द्यावी. मद्य तोंडात गेल्यावर काही मिनिटे श्वासात त्याचा अंश राहतो. दोन ग्रॅमपायी गेटवर किंवा नाक्यावर श्वासाच्या यंत्रापुढे उभे राहून फळाची कथा सांगत बसणे काही बरे नाही.

राहता राहिल्या ज्वाळा. टीव्हीवर पाहून हा खेळ घरी करायचा मोह होतो, विशेषतः भावोजी आलेले असले की. चाळीस टक्क्यांच्या मद्याची वाफ २६ अंशांच्या आसपासच पेट घेऊ शकते, म्हणजे आपल्याकडच्या कुठल्याही दुपारी. पेटत्या गॅसजवळ बाटलीतून थेट ओतले तर ज्वाला धारेवरून बाटलीपर्यंत चढते. वर तेलकट चिमणी चालू, अंगावर सिंथेटिक ओढणी, बाजूला पाच वर्षांचे पोर. यातून चवीत पडणारा फरक इतका थोडा आहे की माझ्या मते घरात हे करूच नये. लिक्युअर आधी वाटीत मोजून घ्यावे, बाटलीला बूच लावून ती दूर ठेवावी, गॅस बंद करावा आणि मगच वाटीतले पातेल्यात घालावे.

बाटली फोडली की ती पुन्हा शोकेसमध्ये ठेवू नये. कुलपाच्या कपाटात, उन्हापासून दूर ठेवावी. संत्र्याचे किंवा कॉफीचे लिक्युअर साखर आणि मद्यार्क यांच्या जोरावर पुष्कळ काळ टिकते, वास तेवढा हळूहळू उतरतो. सायीचे आयरिश लिक्युअर मात्र या पदार्थात वापरू नका. अननसाचा आंबटपणा लागला की ते नासलेल्या दुधासारखे फाटते. आणि तशी बाटली कुणी भेट दिलीच, तर उघडल्यावर ती फ्रीजमध्ये ठेवून सहा महिन्यांत संपवावी, आणि तिच्यावर मोठ्या अक्षरांत चिठ्ठी चिकटवावी. दिसायला ती थेट कोल्ड कॉफीसारखी असते आणि शाळेतून आलेली मुले फ्रीज उघडतात तेव्हा लेबल वाचत नाहीत.